खिंडीत राहिलेली पायरी

मित्रांनो, मी एक जुनी लाकडी पायरी आहे. जिन्यातली नव्हे. जिन्यातल्या पायऱ्या एकत्र कुटुंबात राहतात. मी एकटी आणि सुटी. डोंगराळ मुलखातून दिवसभराची सहल घडवणारी एक छोटी बस आहे, तिचं दार जमिनीपासून जरा उंच आहे. बस थांबली की मला दाराखाली ठेवायचं, बारा प्रवाशांनी माझ्यावर पाय देऊन उतरायचं, तसंच चढायचं, आणि मग मला आत ओढायचं. लोक एकमेकांना 'आपली पायरी ओळखून राहा' म्हणून बजावतात. मला ते बजावायची वेळ कधी कोणावर आली नाही.

माझा जन्म एका गुडघ्यापायी झाला. ड्रायव्हरमामांनी ही बस नवी चालवायला घेतली तेव्हा आपल्या आईला पहिल्या फेरीला बसवलं. चढताना आई म्हणाली, "अगं आई गं!" मामांच्या मनाला ते लागलं. दुसऱ्या दिवशी ते आईला घेऊन सुताराकडे गेले. सुतारानं एका दाराच्या उरलेल्या फळ्यांतून मला ठोकून उभं केलं. आई माझ्यावर चढली आणि म्हणाली, "अगं आई गं!" सुतारानं माझे चारही पाय बोटभर कापले. आई पुन्हा चढली, पुन्हा तेच. पुन्हा करवत. तिसऱ्या खेपेला आई काही बोललीच नाही.

"झालं माप," सुतार म्हणाला. "आता त्या गप्प आहेत."

"गप्प कसली, श्वास घेतेय," आई म्हणाली. "पण छान केलीस हो."

आता आई नाही. तिच्या गुडघ्याचं माप मात्र माझ्या पायांत आहे.

सुतारानं एक गंमत करून ठेवली. माझ्या एका बाजूच्या पट्टीत लाकडाच्या दोन गाठी आल्या, शेजारीशेजारी. तेच माझे डोळे. त्या बाजूचा रंग नीट बसला नाही, म्हणून मामा मला ठेवताना नेहमी गुळगुळीत बाजू लोकांकडे आणि गाठींची बाजू बसकडे करत. याचा परिणाम असा झाला की, मित्रांनो, देशोदेशीचे लोक पैसे मोजून जो देखावा बघायला येत, त्याच्याकडे माझी सोळा वर्षं पाठ होती. मी चाक पाहिलं. सोळा वर्षांत टायर पाच वेळा बदलले. देखावा तोच.

डोंगर मी ऐकून ओळखत होते, आणि तोही गाइडच्या तोंडून. या गाइडला सगळे 'बरोब्बर' म्हणतात. बुटका, गोल, भलताच हुशार माणूस. त्याचा अभिमानाचा विषय एकच: तो माणसं कानानं मोजतो. प्रवासी चढू लागले की हा पुढच्या सीटवर दाराकडे पाठ करून बसे, डोळे मिटून घेई, आणि माझ्यावर पडणारे पाय मोजी. धप, एक. धप, दोन. बाराव्या धपला डोळे उघडून म्हणे, "बारा, बरोब्बर! चला मामा." प्रवासी टाळ्या वाजवत. टाळ्या त्याला, धप माझे. चालायचंच. सोळा वर्षांत प्रवाशांनी गाइडचे आभार मानले, मामांचे मानले, हवेचेसुद्धा मानले. माझे आभार एकाच छोट्या मुलीनं मानले होते, आणि तिला तिच्या बाबांनी तिथल्या तिथे सुधारलं.

त्या दिवशीच्या बारांत एक भूगोलाच्या बाई होत्या. सदतीस वर्षं शाळेत शिकवून निवृत्त झालेल्या. नणंदेबरोबर यायचं ठरलं होतं. नणंदेनं आदल्या संध्याकाळी सर्दीचं कारण सांगितलं, म्हणून एकट्याच आल्या. दाराजवळच्या एकट्या सीटवर बसल्या. त्या सीटवर जो बसेल त्यानं शेवटी चढायचं आणि मला आत ओढायचं, असा बसचा रिवाज. बाईंनी ते काम वर्गातल्या फळ्याइतकं मनावर घेतलं. आत घेताना माझ्यावरची माती झटकायच्या. सोळा वर्षांत कोणी झटकली नव्हती.

दुसरे एक गृहस्थ होते. त्यांनी वाटेतल्या दुकानात चालायची काठी घेतली. पितळी टोक, लोकरीचा गोंडा. चालायला त्यांना काही अडचण नव्हती. फोटोत शोभेल म्हणून घेतली. दुकानापाशी चढताना काठी कागदात गुंडाळून काखेत होती, तेव्हा गणित बिघडलं नाही.

दुपारी तीनला बस खिंडीत पोचली. या सहलीचं सर्वांत उंच ठिकाण. बरोब्बर म्हणाला, "वीस मिनिटं! माझ्या मागे जे दिसतंय ते जगात कुठं नाही," आणि नेहमीप्रमाणे खांद्यावरून अंगठा मागे केला. पण त्याच्या मागे त्या दिवशी फक्त धुकं होतं. लोकांनी धुक्याचे फोटो काढले. थर्मासातला चहा संपला. बाई एकट्याच वाकून, खडक बघत बघत, वळणापलीकडे गेल्या.

वीस मिनिटांनी मामांनी हॉर्न दिला. वारा उलटा होता. प्रवासी कुडकुडत धावले, आणि बरोब्बर डोळे मिटून मोजू लागला. धप. धप. काठीवाले गृहस्थ आले. त्यांनी आधी ऐटीत काठी टेकली, ठक! मग पाय, धप! काठीला माझ्यावर पहिल्यांदाच जागा मिळाली होती, तिनं चांगला घसघशीत आवाज काढला.

"बारा," आतून आवाज आला. "बरोब्बर!"

मी ओरडले, मित्रांनो. पण लाकूड ओरडलं तर फार तर करकरतं, आणि जुन्या लाकडाच्या करकरण्याकडे लक्ष देण्याची कुठल्याच घरात पद्धत नाही. दार लागलं. मला आत ओढायचं काम ज्यांचं, त्याच आत नव्हत्या. पाच बदललेल्या टायरांपैकी शेवटचा माझ्या डोळ्यांसमोरून निघून गेला.

बाई दहा मिनिटांनी आल्या. जिथं बस होती तिथं आधी नुसत्या उभ्या राहिल्या. मग मला पाहिलं. मग रस्ता दोन्हीकडे पाहिला.

"अगं बाई," त्या म्हणाल्या. "मला सोडून गेले."

त्यांची शाल बसमध्ये होती, फोन शालीत होता. अंगावर एक पातळ स्वेटर. खिंडीत ना टपरी ना भिंत. पुढचा थांबा पाऊण तासावर, आणि तीन वाजल्यानंतर या रस्त्याला गाडी येत नाही, हे बरोब्बर दर वेळी मोठ्या कौतुकानं सांगत असे. बाईंच्या ओठांचा रंग उतरत चालला होता. त्यांनी दोन्ही हात काखेत दाबून धरले.

"हे बघ," त्या मला म्हणाल्या, वर्गात रडणाऱ्या मुलाशी बोलावं तसं. "घाबरायचं नाही. हललो की चुकतो. जिथं चुकामूक झाली तिथंच थांबायचं. सहलीला जाताना मी हेच सांगायची ना पोरांना?"

मी कसली हलतेय! पण त्यांनी मला उचललं, एका मोठ्या खडकाच्या आडोशाला नेलं आणि माझ्यावर बसल्या. त्यांना कुठं माहीत माझी कोणती बाजू कुठं ठेवायची ते. त्यांनी मला उलटं, गाठींची बाजू दरीकडे करून ठेवलं. आयुष्यात पहिल्यांदा माझ्या दोन गाठींसमोर चाक नव्हतं.

समोर पांढरं होतं, दुसरं काही नाही. बाई तोंडाशी हात धरून फुंकर मारत होत्या. किती वेळ गेला सांगता येणार नाही. मग पांढऱ्याला एक चीर पडली, चिरेतून काहीतरी काळं-निळं दिसलं, आणि कोणीतरी घरावरचं पांघरूण ओढून काढावं तसं सगळं धुकं एका दमात दरीच्या पलीकडे गेलं.

मित्रांनो, मी एका दाराच्या उरलेल्या फळीची पायरी. मला उंची म्हणजे वीतभर एवढंच ठाऊक. समोर डोंगर होता, त्याच्या मागे डोंगर, त्याच्या मागे आणखी, आणि जे मला शेवटी ढग वाटले तेही डोंगरच होते. पायथ्याशी एक सरोवर, बाईंच्या बांगडीएवढं. एका उतारावर तांदूळ सांडल्यासारख्या मेंढ्या. एका ढगाची सावली एवढ्या मोठ्या पठारावरून सावकाश चालत गेली, वाटेत मेंढ्या विझवल्या आणि पुन्हा पेटवल्या. खूप खाली, जिथं खडक संपत होता, तिथून झाडं सुरू होत होती. काळी, दाट, हजारो, उभी. मी सोळा वर्षं वस्तू होते. मला आठवलं, मीही एकदा तशीच उभी होते.

आणि गाइडनं जे जे सांगितलं होतं ते सगळं खरं होतं, पण त्यातलं काहीच एवढं नव्हतं.

बाईंची फुंकर थांबली होती. त्यांनी मूठ उघडली. "हे बघ, यासाठी उशीर झाला," त्या म्हणाल्या. मुठीत काही नव्हतं. "उचलला नाही मी. जागेवरच ठेवला. शिंपला होता गं, खडकात. दगड झालेला. समुद्रातला शिंपला, इथं, एवढ्या वर! सदतीस वर्षं शिकवलं, इथं पूर्वी समुद्र होता. फळ्यावर चित्र काढायची. पोरं विचारायची, बाई, खरंच? मी म्हणायची, पुस्तकात आहे ना, मग खरंच." त्यांनी स्वेटरच्या बाह्या हातांवर ओढल्या. "मला तरी कुठं पटलं होतं! आज पटलं."

त्यानंतर आम्ही दोघी बोललो नाही. मी तर कधीच बोलत नाही, पण तेव्हा बोलता आलं असतं तरी बोलले नसते.

तिकडे बसमध्ये काय झालं ते मामांनी नंतर दहा वेळा, दर वेळी नव्या माणसाला, सांगितलं. पाऊण तासानं पुढचा थांबा आला. मामांनी दार उघडलं आणि सवयीनं पायरीकडे हात घातला. हाताला काही लागलं नाही.

"पायरी कुठंय?"

"बाईंनी आत घेतली असेल की," बरोब्बर म्हणाला.

"बाई कुठंयत?"

बरोब्बरनं मागे वळून पाहिलं. सकाळपासून पहिल्यांदा. मामा सांगतात, माणसाचं तोंड इतक्या झटकन पांढरं होताना त्यांनी पाहिलं नव्हतं. बस तिथंच वळवली. काठीवाल्यांनी काठी सीटखाली सरकवली. परतीचा पाऊण तास मामांनी ती गाडी कशी हाणली ते मामांनाच विचारा.

बस आली तेव्हा बाई खडकाच्या आडोशाला बसूनच होत्या. बरोब्बर धावत आला. त्याला धाप लागली होती, डोळे भरले होते.

"बाई... मी मोजले होते हो... बारा आले होते..."

"काठीनं माझी हजेरी लावली असेल," बाई म्हणाल्या. बसच्या खिडकीत काठीवाले दिसत होते, आणि खिंडीत उतरल्यावर त्यांची ठकठक बाईंनी ऐकली होती. "अरे, खाली मान घालून हजेरी घेतली की असंच होतं. माझ्या वर्गात तर एकेक पोरगा चौघांचं 'हजर' म्हणायचा. शेवटी मी आवाज ऐकणं सोडलं, तोंडं बघायला लागले."

"चुकलो. तुम्ही तक्रार करा. मी सोडतो ही नोकरी."

"शाल दे आधी." त्यांनी शाल घेतली, घट्ट लपेटली. "आणि आता जरा गप्प राहा. मागे वळ."

"मागे?"

"तू रोज अंगठा दाखवतोस ना, तिकडे."

बरोब्बर वळला. या बसच्याही आधीपासून, अठरा वर्षं तो त्या खिंडीत येत होता, आणि अठरा वर्षं प्रवाशांकडे तोंड करून उभा राहत होता. माझ्यासमोर चाक होतं, त्याच्यासमोर प्रवासी होते. पाठ आम्हा दोघांची एकाच दिशेला. तो बघत राहिला. मामा उतरले. मग उरलेले अकरा उतरले, पायरीवाचून, उड्या मारत, एकमेकांना हात देत. कोणी फोटो काढला नाही. ऊन शेवटच्या रांगेवरून तांबूस होऊन सरकत होतं.

बऱ्याच वेळानं बरोब्बर पुटपुटला, "एवढं आहे होय?"

"एवढं आहे," बाई म्हणाल्या.

बाईंनी तक्रार केली नाही. निघताना सगळ्यांत शेवटी चढल्या, माझी माती झटकली आणि मला आत घेतलं.

मित्रांनो, पुढल्या वर्षी नवी बस आली. तिला स्वतःची पायरी आहे. बटण दाबलं की जीभ काढावी तशी बाहेर येते. मला वाटलं, आता आपली रवानगी सरपणात. चार महिने मी गॅरेजमध्ये रंगाच्या डब्यांखाली होते. मग एक दिवस बरोब्बर स्वतः आला आणि मला घेऊन गेला. बुटका आहे ना. सीटवरून त्याला मागच्या रांगेतली तोंडं दिसत नाहीत. आता निघताना तो माझ्यावर उभा राहतो आणि डोळे उघडे ठेवून, एकेका चेहऱ्याकडे बघून मोजतो. वेळ जास्त लागतो. टाळ्या कोणी वाजवत नाही.

एवढंच सांगायचं होतं. माणसं मोजाल तेव्हा तोंडाकडे बघून मोजा. आवाज काठीलाही असतो. आणि घरात जी वस्तू रोज पायाखाली, पाठ करून पडलेली असते, तिला कधीतरी उचलून, माती झटकून, खिडकीकडे तोंड करून ठेवा. तिला काय दिसतं हे तुम्हाला कळणार नाही, पण म्हणून तिला दिसत नाही असं नाही.

खिंडीत बस थांबली की मामा मला अजून खाली उतरवतात. गरज काही नाही. आडोशाच्या त्या खडकापाशी ठेवतात, गाठींची बाजू दरीकडे. वीस मिनिटं मी बघते. मग बरोब्बर येतो, मला बसमध्ये नेतो, माझ्यावर उभा राहतो, चेहरे मोजत मोजत नजरेनं शेवटच्या सीटपर्यंत जातो. "बारा." मग थांबतो, खाली माझ्याकडे बघतो आणि हळूच, कोणाला ऐकू जाणार नाही असं म्हणतो, "तेरा. चला मामा."