हाताला न लागणारी

लॅबला दार एकच, आणि दाराबाहेरच्या बाकावर ताई बसलेली. त्यामुळे धाकटी सकाळपासून चहालासुद्धा उठली नव्हती.

रुग्णाच्या अंगातून तपासणीसाठी काढलेला मांसाचा तुकडा मेणात बसवायचा, केसाहून पातळ कापायचा, काचेवर रंगवून पॅथॉलॉजिस्ट मॅडमपुढे ठेवायचा, एवढंच तिचं काम. निकाल सांगायचा अधिकार तिला नव्हता. आजची तिसरी काच ताईची होती. पुढे सरकवण्याआधी धाकटीने सूक्ष्मदर्शकाला डोळा लावलाच. पेशी मुंग्यांसारख्या एकामागे एक चाललेल्या.

ताई शिवणकाम करायची. पाच महिन्यांपूर्वी ती म्हणाली होती, "अगं, डावीकडचं माझं छातीचं माप बदललंय. ब्लाउजची शिवण ओढली जाते."

धाकटीने नीट चाचपलं होतं. "गाठ नाही गं. तुझी टेपच म्हातारी झालीय!" दोघी खो-खो हसल्या होत्या.

"लोब्युलर कॅन्सर," काच बघून मॅडम म्हणाल्या. "दूध बनवणाऱ्या ग्रंथींतला. दुधाच्या नळ्यांतला बहुतेकदा गाठ करतो, सापडतो. हा मुकाट्याने पसरतो, मॅमोग्राफीलाही चकवतो. किती पसरलाय ते एमआरआयमध्ये बघतील, मग शस्त्रक्रिया, बहुधा रेडिएशन. हार्मोनच्या गोळ्या चालतील का, ते पुढच्या तपासणीत कळेल. या प्रकारात बहुधा चालतात." त्यांनी मान वर केली. "आडनाव वाचलंय मी. पण रिपोर्टवर सही संध्याकाळी. तोवर तोंडाला कुलूप."

दुपारी दाराच्या काचेवर ताईची टकटक झाली. "शास्त्रज्ञबाई, जेवायचं की उपाशी मरायचं?"

आता सुटका नव्हती. धाकटी बाहेर आली.

"काय निघालं?"

"रिपोर्ट संध्याकाळी, ताई."

"रिपोर्ट राहू दे. तू तोंड का लपवतेयस?"

काचेबद्दल बोलता येत नव्हतं. पण पाच महिन्यांपूर्वीची चूक तिची स्वतःची होती. "तेव्हा माझं चुकलं. मी गाठच शोधत बसले. गाठ नाही म्हणजे काही नाही, असं धरून चालले. तुला तेव्हाच डॉक्टरांकडे न्यायला हवं होतं."

ताई म्हणाली, "आणि मी तुझं ऐकलं. शिकलेली म्हणून."

"शिव्या दे हवं तर."

"देईन. सवडीने देईन." ताईने बाकावर जागा केली. "आधी एवढं सांग, यावर औषध असतं ना?"

"असतं. पण अजून सही—"

"बस मग इथे. सही होईपर्यंत मी विचारणार नाही आणि तुला उठू देणार नाही."

तिने धाकटीचं मनगट धरलं. आत पुढचे तुकडे मेणात थिजत होते.