उभ्यांच्या घरातला बाक

मी बाक बोलतोय. ओतीव लोखंडाचे पाय, जाड फळ्या. रशियात उरल पर्वताजवळच्या आमच्या शहरातल्या बागेत मी चौतीस हिवाळे काढले. कधी कुरकुरलो नाही.

रिम्मा एगोरोव्हना आणि गेर्मन सावेलिच ही माझी माणसं. समोरच्या इमारतीतली, दोघंही एकटी. रोज चारला यायची. ती थर्मासमधला चहा ओतायची, तो सूर्यफुलाच्या बिया सोलून तिच्या तळहातावर ठेवायचा.

मग वीस पावलांवर एक लाकडी क्रूस रोवला गेला. इथे चर्च होणार, याची खूण. लोक त्याला फुलं वाहू लागले, त्याचं चुंबन घेऊ लागले. कालचं लाकूड ते! मला कुणी एक पाकळीही वाहिली नव्हती.

रिम्माही तिकडे जाऊ लागली. वारलेल्या नवऱ्याच्या नावाने मेणबत्ती लावायला तिला आजवर दूरच्या चर्चला जावं लागे, दोन बस बदलून. गेर्मन मात्र चर्चसाठी तोडली जाणारी झाडं वाचवणाऱ्यांत गेला. बांधकामाचं कुंपण आलं तेव्हा ते गदागदा हलवणाऱ्यांत तोच पुढे. तीन आठवडे अबोला. तो माझ्यावर एकटाच बसून बिया खायचा.

एकदा ती समोरून जाताना त्याने मान वर न करता म्हटलं, "चर्चमध्ये बसायला नसतं, रिम्मा. दोन-दोन तास उभं राहायचं. गुडघ्यांचं काय?"

"गुडघे माझे आहेत."

"आणि मी?"

"तू घोषणा द्यायला बरा उभा राहतोस. तेव्हा नाही दुखत काही?"

मला बरं वाटलं. इथल्या ऑर्थोडॉक्स चर्चमध्ये बसायची सोय नसते, म्हणजे ती परत माझ्याकडेच येणार.

आली नाही. बर्चची अकरा झाडं पडली आणि लहानसं लाकडी चर्च उभं राहिलं. वाढत्या कुंपणाच्या आत मीही सापडलो होतो. कामगार मला ट्रकमध्ये टाकत होते, तेवढ्यात रिम्माने पाद्रीबाबांना विनवलं, चर्चच्या आत भिंतीशी राहू द्या, म्हाताऱ्यांना बसायला होईल. मी ताठ झालो. शेवटी जिंकलो तो मीच, असं वाटलं.

पण ती बसत नाही. गेर्मनचे शब्द तिला लागलेत. मेणबत्ती संपेपर्यंत ती उभी राहते, भार या गुडघ्यावरून त्या गुडघ्यावर टाकत. तिची नजर समोरच्या संताच्या पवित्र चित्रावर. मला दिसते फक्त तिची पाठ.

बाहेर कुंपणाशी गेर्मन निषेधाचा फलक धरून उभा असतो. त्यालाही आता बसायला जागा नाही.

म्हाताऱ्यांनो, भांडायचं तर भांडा. पण बसून भांडा. मी रिकामा आहे.