जान्हवीची चौकशी

भांडुपच्या टेकडीवर दिवेलागणीला बायका गळ्यात शिट्ट्या घालून गस्तीला निघायच्या आणि सगळ्यांच्या पुढे रत्नप्रभा. पदर खोचलेला, हातात सोटा, पायात मुलाचे जुने बूट. तिला ना पोलिसांनी नेमलं होतं, ना नगरसेवकानं. दिवाळीनंतर कुणा हलकटानं पायऱ्यांवरच्या अंधारात तिच्या नातीचा, जान्हवीचा, हात धरून ओढलं. पोरगी कडकडून चावली आणि सुटली. "गप्प राहा गो, पोरीचं लग्न व्हायचंय," असं शेजारणी म्हणाल्या. गप्प राहील ती रत्नप्रभा कसली! तिनं त्याच शेजारणींच्या हातात सोटे दिले. तेव्हापासून नवखा माणूस दिसला की एकच सवाल, "कोणाकडे आलास?" उत्तर आलं नाही, तर त्याला मंडळाच्या ओट्यावर बसवायचं आणि फोटो काढून ग्रुपवर टाकायचा.

त्या दिवशी वसुधा धावत आली. "मावशी, पिठाच्या गिरणीजवळ एक माणूस जान्हवीचं विचारतोय! कामावरून कधी येते, सोबत कोण असतं!"

रत्नप्रभा गिरणीपाशी पोचली. कडक इस्त्रीचा शर्ट, वय पन्नाशीचं.

"कोणाकडे आलास?"

"कोणाकडे नाही. सहज..."

"सहज? माझ्या नातीच्या वेळा तुला सहज पाहिजेत? घरात आयाबहिणी नाहीत काय रे मेल्या?"

तो तोंड उघडणार, तोवर तिनं थोबाडीत ठेवून दिली होती. वसुधानं फोटो काढला. माणूस ओट्यावर बसला, गाल चोळला आणि खाली बघत म्हणाला, "मी राजाराम. दहिसरहून आलो. सर्वेशचा काका."

रत्नप्रभाच्या पायाखालची जमीन सरकली. सर्वेश म्हणजे जान्हवीच्या ऑफिसातला मुलगा. दोघांचं आपसात ठरलेलं. रविवारी त्याच्या घरची माणसं बघायला यायची होती. आणि स्थळाची चौकशी नाव सांगून कोण करतं? जान्हवीच्या आईला, जयाला, सून करून आणायच्या आधी तिनं स्वतःच्या भावाला असंच जयाच्या चाळीत पाठवलं होतं. वाण्याला विचार, नळावरच्या बायकांना विचार, मी पाठवलं म्हणून सांगू नको. सगळं माहीत असून हात उठला होता.

दुसऱ्या दिवशी ती जयाला घेऊन दहिसरला गेली. उभ्या जन्मात कुणापुढे न वाकलेली बाई राजारामपुढे हात जोडून उभी राहिली.

"असू दे हो आजी," तो म्हणाला. "थपडेचं मी कधीच विसरलो."

सर्वेशच्या आईनं, सुलक्षणानं, पाणी दिलं. चहाचं विचारलं नाही. "गिरणीवाल्यानं भाऊजींना सगळं सांगितलंय," ती म्हणाली. "गस्त कोणामुळे सुरू झाली ते. काय झालं होतं तिला नक्की?"

"हात धरला. चावून सुटली. बस्स."

"तुम्ही तेवढंच सांगणार. पण एवढ्याशा गोष्टीसाठी कोणी शिट्ट्या फुंकत फिरतं का, आजी?"

रत्नप्रभाच्या जिभेवर उत्तर आलं, चांगलं झोंबणारं. पण आवाज चढवला तर म्हणणार, बघा, काहीतरी असल्याशिवाय का एवढी तडफडते? "मग गप्प बसायला हवं होतं काय मी?" एवढंच तिनं विचारलं.

"हो," सुलक्षणा हळूच म्हणाली. "मलाही मुलगी आहे. मी बसले असते."

आतल्या खोलीत पंखा फिरत होता. पडद्याखाली पुरुषाचे पाय दिसत होते, तरुण माणसाचे. ते जागचे हलले नाहीत.

घरी जान्हवी भाकऱ्या थापत होती. मागे वळून न बघताच तिनं विचारलं, "सर्वेश होता घरात?"

जयानं सासूकडे बघितलं. खोटं बोलावं, असं रत्नप्रभाच्याही मनात आलं.

"होता."

"बाहेर आला?"

"नाय गो, बाय."

जान्हवीनं तव्यावरची भाकरी उलटली. ती करपली होती. खालून वसुधानं शिट्टी मारली. गस्तीची वेळ झाली होती. रत्नप्रभा भिंतीला टेकून तशीच बसून राहिली.

"जा तू," जान्हवी म्हणाली. "आता नाही गेलीस तर इथलेही म्हणतील, खरंच काहीतरी झालं होतं."

रत्नप्रभानं बूट चढवले. पायऱ्या उतरताना आपल्याला कुणी ओळखीचं भेटू नये, असं तिला आयुष्यात पहिल्यांदा वाटलं.