डाव्या हाताचा घास

भूकंपानंतर योकोहामात जो तो सोसण्याचेच गोडवे गात होता. कश्मिराच्या बेसबॉल क्लबचे कोच तर शंभर वर्षांपूर्वीच्या एका अमेरिकन व्यावसायिक पिचरचं, म्हणजे चेंडू फेकणाऱ्या खेळाडूचं, उदाहरण देत: पठ्ठ्या एकाच दिवशी दोन-दोन सामने खेळायचा, पण हात दुखतो असं कधी म्हणाला नाही! तिशीच्या आतच तो हात कायमचा निकामी झाला, हे विभाने शोधून काढून लेकीला ऐकवलं. कश्मिराने नुसतं नाक मुरडलं.

रविवारी दोन सामन्यांत पिचिंग करून आलेली पोर जेवायला बसली आणि डाव्या हाताने वरणभात कालवू लागली.

"डाव्या हाताने काय जेवतेस? उजवा कशाला दिलाय देवाने?" विभा कडाडली.

"दाइजोबु. ठीक आहे, आई," कश्मिरा हसली.

मांडीवरचा उजवा हात मात्र काही वर आला नाही.