राखीच्या बापाचा एपिसोड

बोडीटोला या आमच्या वस्तीतल्या छपरांवर टीव्हीच्या जेवढ्या छत्र्या दिसतात, त्यातल्या निम्म्याहून जास्त माझ्या हातच्या आहेत. कोहमाऱ्याच्या चौकात माझं टीव्ही-मोबाइल दुरुस्तीचं दुकान आहे. मला सगळे केशोराव म्हणतात. त्या काळात फुकटच्या छत्रीला फार मागणी होती. एकदा बसवली की केबलवाल्याची कटकट नाही, जे वरून पडेल ते पाहायचं. आणि वरून काय पडायचं? बाबा-बुवा, ताबिजांच्या जाहिराती, घासून गुळगुळीत झालेले सिनेमे, आणि 'जोशिला'.

'जोशिला' हे तरुणांचं चॅनल. असं ते स्वतःच दर पाच मिनिटांनी सांगायचं. फाटकी पँट घालून एकमेकांवर ओरडतो तो तरुण, अशी त्यांची व्याख्या होती. पोरापोरींना एका बंगल्यात कोंडायचं, भांडायला लावायचं, आणि कोणी रडलं की कॅमेरा त्याच्या नाकपुडीपर्यंत न्यायचा. आमच्या टोल्यातली पोरं हे तोंड उघडं टाकून पाहायची. छत्री बसवताना खाली उभं राहून पहिलं विचारायची, "काका, जोशिला लागते ना?" मी मनात एक शिवी हासडायचो आणि लावून द्यायचो.

२०१३ च्या डिसेंबरात, टोल्याची मंडई, म्हणजे दिवाळीनंतरची जत्रा, होऊन चार दिवस झाले असतील, त्या चॅनलची पांढरी गाडी माझ्या दुकानासमोर थांबली. त्यांचा एक कार्यक्रम होता, 'तोड दे'. दर आठवड्याला खेड्यातली एक मुलगी, तिच्या पायात घरच्यांनी घातलेली बेडी, आणि ती तोडायला मुंबईहून आलेली तान्या. दिग्दर्शकाचं नाव सनी. चाळिशीचा माणूस, पण डोक्यावर पोरांसारखी उलटी टोपी. त्यांना घरोघरच्या ओळखी असलेला आणि हिंदी येणारा माणूस हवा होता. सरपंचानं माझं नाव सांगितलं होतं.

आता मी त्यांना नावं ठेवतो, पण त्या दिवशी मी दुकान बंद केलं, मागच्या खोलीत जाऊन इस्त्रीचा शर्ट घातला आणि गाडीत पुढच्या सीटवर बसलो. हे आधीच सांगून टाकतो.

टोल्यात शिरताना सनी खिडकीतून पाहत नाक मुरडत होता. "यार, ये तो पक्के मकान हैं. नल भी है?"

"नलयोजना हो गई न पिछले साल," मी अभिमानानं सांगितलं. त्याला फार वाईट वाटलं.

परसराम डोंगरवारची पोरगी राखी त्यांना आवडली. एकोणीस वर्षांची, बी.एस्सी.च्या दुसऱ्या वर्षाला, हिंदी चांगली बोलायची. तान्यानं तिच्यापुढे माइक धरून विचारलं, "राखी, तुम्हारी सबसे बडी परेशानी क्या है?"

"बस लेट आती है," राखी म्हणाली.

"वो नहीं. घरवाले पढने से रोकते होंगे ना? पापा?"

"बाबा? बाबा तो रोज सुबह गाडी पे कोहमारा छोड देते हैं. बस निकलने तक खडे रहते हैं."

सनीनं कॅमेरा बंद करायला सांगितला. मेलेल्या उंदराकडे पाहावं तसं त्यानं राखीकडे पाहिलं आणि मला म्हणाला, "दूसरी दिखाओ."

आम्ही दोन घरं पुढे गेलो असू, मागून राखी पळत आली. धापा टाकत मला म्हणाली, "मामा, त्यायले म्हना, मी बोलतो तसं."

"कसं?"

"त्यायले जसं पाहिजे तसं. बाबा शिकू देत नाई, लगन लावून देऊन राहिले. असंच न?"

"अन् बाप?"

"बाबाले हिंदी कुठं समजते? अन् त्यायले कोन ओळखते टीव्हीत?"

मी तिथंच तिचा कान पकडायला हवा होता. मी सनीला सांगितलं, पोरगी तयार आहे.

मग तमाशा सुरू झाला. राखीचा पंजाबी ड्रेस चालेना, म्हणून शेजारच्या मुन्नीबाईची विटकी साडी मागून आणली. अंगणात नळ असून तिला भांडी घासायला बोडीवर, म्हणजे आमच्या तळ्यावर नेलं. भांडी स्वच्छ होती, तर त्यांना राख फासली. डोळ्यात घालायला त्यांच्याकडे बाटलीत पाणी होतं, ते टाकलं की घळाघळा रडू येतं. राखी रडली. तान्यानं तिला मिठी मारली, आणि सनी "कट" म्हणाला तसं साडीचा वास येतो म्हणून लांब सरकली.

परसराम खळ्यात होता. त्यानं धान वाळत घातलं होतं, आणि चॅनलच्या ड्रायव्हरनं गाडी थेट त्या धानावर नेऊन उभी केली. परसराम तसा मऊ माणूस, पण धानावर चाक पाहून भडकला. हातात दाताळं घेऊन ओरडत धावला, "काढ! काढ गाडी! डोळे फुटले का तुये?" कॅमेरावाल्यानं ते सगळं टिपलं.

नंतर परसराम मला म्हणाला, "केशो, हे कायचं करून राहिले? माह्या पोरीले काय विचारून राहिले?"

"काई नाई," मी म्हणालो, "शिक्षनाबद्दल हाय."

"मंग चांगलं हाय," तो म्हणाला. ड्रायव्हरवर ओरडलो म्हणून त्यालाच वाईट वाटलं आणि त्यानं सगळ्यांना चहा पाजला. तान्यानं कप हातात धरला, प्यायली नाही.

तीन आठवड्यांनी रविवारी सकाळी अकराला एपिसोड लागणार होता. परसरामनं टीव्ही अंगणात आणला, मी वायर ओढून दिली. अर्धा टोला जमला. राखीची माय धुरपता हिनं सगळ्यांसाठी पोहे केले होते. राखी दाराच्या आत उभी होती.

पडद्यावर पहिल्यांदा परसरामच दिसला. दाताळं उगारून, तोंड वासून, हळूहळू धावत येणारा. मागे ढोल वाजत होते. परसराम स्वतःला पाहून हसला. "पाहा न, मी कसा दिसून राहिलो!"

मग खाली मोठी अक्षरं आली. परसरामला हिंदी बोलणं फारसं समजत नसलं तरी अक्षरं वाचता येत होती. 'मेरा बाप, मेरी बेडी.' त्यानं ती दोनदा वाचली, ओठ हलवत. पुढे राखी भांडी घासत रडत सांगत होती की बाबा पुस्तकं फाडतात, मारतात. पुस्तकं फाडण्याचं तिला सनीनं शिकवलं होतं, मी ऐकलं होतं. शेवटी तान्यानं तिला एक दप्तर दिलं आणि जाहीर केलं की आता राखी शाळेत जाणार. बी.एस्सी. दुसऱ्या वर्षाची पोरगी शाळेत जाणार! यावर जमलेल्यांपैकी कोणी हसलं नाही. दोघातिघांनी टाळ्या वाजवल्या, कारण टीव्हीत टाळ्या वाजत होत्या.

परसराम उठला. दाराशी जाऊन त्यानं राखीला एकच विचारलं, "कोन्या दिवशी अडवलो तुले मी?"

तो बोडीकडे निघून गेला. लोकांनी पोहे संपवले.

दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसहाला परसरामनं गाडी काढली. राखी मागे बसली. रोजच्यासारखाच तो बस निघेपर्यंत थांबला. कॉलेजच्या दोन पोरी त्याच्याकडे बोट दाखवून कुजबुजल्या. बसचा कंडक्टर म्हणाला, "काका, आता तरी शिकू द्या पोरीला." परसरामच्या पायाशी राखीची कॉलेजची पिशवी होती, आणि तरी कंडक्टर हे म्हणाला. माणसाच्या डोळ्यांपेक्षा टीव्हीचा डोळा मोठा, हे मी त्या दिवशी माझ्या दुकानाच्या पायरीवरून पाहिलं. परसरामनं राखीला पिशवी उचलून दिली.

दीड महिना हे असंच चाललं. बाप पोरीला सोडायचा, आणायचा, आणि तिच्याशी एक शब्द बोलायचा नाही. धुरपतानं मला सांगितलं, तो जेवताना मान वर करत नाही. 'जोशिला' मात्र तो एपिसोड पुन्हापुन्हा दाखवत होतं.

राखीनं त्यांना सहा वेळा फोन केला. सातव्यांदा सनीनं उचलला. ती म्हणाली, मी खोटं बोलले, ते दुरुस्त करा. सनी खूश झाला. "पार्ट टू करते हैं. राखी की जीत!" तिला वाटलं, दुरुस्त करायला येताहेत. तिनं मायकरवी बापाला तसं कळवलं. फेब्रुवारीत गाडी पुन्हा आली. परसरामनं दाढी केली, धुतलेला सदरा घातला, आणि तो ग्रामपंचायतीसमोर येऊन उभा राहिला. सगळा टोला गोळा झाला होता.

सनीनं मला कागद दिला. "अंकल को समझाओ. हाथ जोडेंगे, बोलेंगे, बेटी मुझे माफ कर दो. फिर बेटी गले लगेगी."

मी परसरामला ते सांगितलं.

"माफी?" तो म्हणाला. "मी मांगू?"

"एक लाइन है, अंकल," तान्या म्हणाली. "सोसायटी में मेसेज जाएगा."

तेवढ्यात राखी पुढे आली आणि तिनं तान्याच्या हातातला माइक ओढून घेतला. हिंदीत नाही, आपल्या बोलीत बोलायला लागली. "मी खोटं बोलली. बाबानं मले कधी मारलं नाई. पुस्तक फाडलं नाई. मले टीव्हीत यायचं होतं म्हनून मी बोलली."

"कट, कट!" सनी ओरडला. "क्या बोल रही है ये?"

मी सांगितलं.

"अरे यार, ये तो निगेटिव्ह हो गया. ये नहीं चलेगा."

त्यांनी माइकची वायर काढली, कॅमेऱ्यावर टोपण लावलं. राखी थांबली नाही. माइक खाली ठेवून ती आणखी मोठ्यानं बोलू लागली. रोज सकाळी कोण सोडतं, पावसाळ्यात नाल्याला पूर आला तेव्हा सायकल खांद्यावर घेऊन कोणी पलीकडे नेलं, बारावीला नापास होईन म्हणून रडत होते तेव्हा कोण उशाशी बसलं होतं, सगळं सांगितलं. आवाज फाटला तरी सांगत राहिली. या वेळी डोळ्यात बाटलीतलं पाणी नव्हतं.

टोल्यातल्या लोकांचं काय सांगू! एक जण म्हणाला, "हे दाखवतील का?" दुसरा म्हणाला, "नाई दाखवत, चला." मुन्नीबाईला तिची साडी अजून परत मिळाली नव्हती, ती तान्याशी त्याबद्दल भांडत होती.

राखी बोलून थकली तेव्हा परसराम तिच्याजवळ गेला. "चाल घरी," म्हणाला. तिच्याशी दीड महिन्यातले पहिले शब्द. दोघं बापलेक निघून गेले. सनीनं मला विचारलं, गावात दुसरी कोणी दुःखी मुलगी आहे का.

राखी सगळं बोलली, पण माझं नाव तिनं घेतलं नव्हतं. माझ्याकडे पाहिलंही नव्हतं. मी आठ दिवस वाट पाहिली, कशाची ते मलाही माहीत नाही. मग एका दुपारी परसरामच्या बांधीवर, म्हणजे धानाच्या शेतावर, गेलो. तो उन्हाळी धानाला पाणी देत होता.

"परसराम," मी म्हणालो, "ते लोक काय बोलवून घेत होते, मले सगळं समजत होतं. तू विचारलं तेव्हा मी तुले खोटं सांगितलं."

त्यानं फावडं थांबवलं नाही. "मले मालूम हाय."

"मंग तू बोलला काऊन नाई?"

आता त्यानं फावडं रोवलं आणि माझ्याकडे पाहिलं. "पोरीनं साऱ्या गावापुढं वरडून सांगितलं. एकोनीस वर्साची पोरगी. अन् तू पन्नाशीचा मानूस आठ दिवसानं बांधावर येऊन माह्या कानात सांगून राहिला. तुह्याशी काय बोलू?"

तो पाणी वळवायला पलीकडच्या बांधीत गेला.

पार्ट टू कधी दाखवला गेला नाही. पहिला भाग मात्र वर्षभर लागत होता. पुढे 'जोशिला' बंद पडलं, त्या जागी गुडघेदुखीच्या तेलाचं चॅनल आलं. राखीनं एम.एस्सी. केलं, आता अर्जुनी मोरगावला ज्युनिअर कॉलेजात शिकवते. एकदा तिला पाहायला आलेल्या पाहुण्यांनी त्या एपिसोडचा विषय काढला, तेव्हा तिनं चहाचा ट्रे हातात असतानाच सांगितलं म्हणे, "ते खोटं होतं, मीच बोलले होते." ते लोक उठून गेले. पुढच्या वर्षी दुसरे आले, त्यांनी ऐकून घेतलं.

परसरामच्या घरची छत्री मागच्या वादळात वाकली. माझं दुकान सात किलोमीटरवर आहे. त्यानं त्याहून लांब, सडक अर्जुनीहून माणूस बोलावला.