बावीस मिनिटांची चूक

भावाला जाऊन तीन महिने झाले होते. बाई त्याची थोरली बहीण; कॉलेजात सापेक्षतावाद शिकवायच्या. एका दुपारी, मुलांना खरंखुरं उदाहरण द्यावं म्हणून, मनाचा हिय्या करून त्यांनी त्याच्या चौकशीचा अहवाल उघडला.

भाऊ अवकाशयानाच्या नियंत्रण कक्षात होता. दहा बाराला त्याच्या हातून चुकीची आज्ञा गेली आणि दहा चौतीसला यान बंद पडलं. आज्ञा पोचायला चौदा मिनिटं लागतात. म्हणजे ती पोचली आणि आठ मिनिटांत घात झाला, असं समितीने ठरवलं. नोकरी गेली. त्याने अंथरूण धरलं ते कायमचंच.

बाईंनी दोन घटनांमधला सदिश, म्हणजे काळ आणि अंतर यांची जोडी, मांडला. काळ बावीस मिनिटं, अंतर चौदा प्रकाश-मिनिटं. काळाच्या वर्गातून अंतराचा वर्ग वजा केला. उत्तर धन आलं; प्रकाशाच्या वेगाने जाणाऱ्या आज्ञेला काळ पुरत होता. म्हणजे आज्ञेमुळे यान बंद पडू शकत होतं.

पडताळ्यासाठी त्यांनी अहवालातला शेवटचा तक्ता पाहिला आणि हात थांबला. दहा चौतीस ही यानाचे संदेश *इथे*, पृथ्वीवर, थांबल्याची वेळ होती. संदेशालाही यायला चौदा मिनिटं लागलेली! यान दहा वीसलाच बंद पडलं होतं.

आता काळ फक्त आठ मिनिटं. चौसष्ट वजा एकशे शहाण्णव. उत्तर ऋण. यान गेलं तेव्हा आज्ञा अजून वाटेतच होती.

"ताई, वेळा जुळत नाहीत गं," चौकशी चालू असताना भाऊ म्हणाला होता. "तू एकदा बघ ना."

"चार जाणत्या माणसांनी तपासलंय," त्या म्हणाल्या होत्या. "कबूल कर आणि मोकळा हो."

त्याने कबुलीजबाबावर सही केली होती.

समितीच्या अध्यक्षांनी बाईंनी नेलेला गणिताचा कागद दोनदा वाचला. "गणित बरोबर आहे तुमचं. शुद्धिपत्रक काढू." त्यांनी नजर वर केली नाही.

तिथून बाई भावजयीकडे गेल्या, सगळं सांगितलं.

"वेळा जुळत नाहीत, हे मला त्यांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, ताई," ती म्हणाली. "मला त्यातलं ओ का ठो कळलं नाही, पण मी विश्वास ठेवला. त्यांना तुमचा हवा होता."

भावजय उठून आत गेली, ती बाई जायला निघाल्या तरी पुन्हा बाहेर आलीच नाही.