दुसरा उकार

सुईमावशीला आपल्या अक्षराचा तोरा होता, आणि तो फुकटचा नव्हता. आरोग्य केंद्राच्या लॅबमध्ये गेली एकोणीस वर्षं ती माणसांचं रक्त काढत होती आणि नळ्यांवर नावं लिहीत होती. एकाचं रक्त दुसऱ्याच्या नावावर गेलंय, असं एकदाही झालं नव्हतं. डॉक्टरांची अक्षरं लावता लावता लोकांचे डोळे पांढरे व्हायचे; हिची चिठ्ठी मात्र मोत्यांसारखी. शाळेतल्या पोरांनी तिला सुईमावशी म्हणायला सुरुवात केली, मग त्यांच्या आईबापांनीही, आणि आता तिचं खरं नाव हजेरीपटापुरतं उरलं होतं. तिलाही त्याचं काही वाटत नसे.

त्या गुरुवारी सकाळी ती एक खोका छातीशी धरून शाळेच्या फाटकातून आत शिरली. खोक्यात झाकणाच्या काचेच्या बशा होत्या, एकूण एक चिकटपट्टीने बंद केलेल्या. मागच्या आठवड्यात दुसरीच्या वर्गातली अकरा मुलं जुलाब-उलट्यांनी आडवी झाली होती. आता सगळी बरी होती, पण बोभाटा व्हायचा तो झाला होता, आणि खापर फुटलं होतं स्वयंपाकघरातल्या काकूंच्या डोक्यावर. शाळेचं दुपारचं जेवण काकू एकट्या रांधत. शाळा समितीच्या अध्यक्षांची नातही त्या अकरांत होती, त्यामुळे अध्यक्ष नुसते अध्यक्ष राहिले नव्हते, आजोबाही झाले होते. आज चार वाजता पालकांची सभा होती. त्या सभेत काकूंना नारळ द्यायचा, हे सगळ्यांनी सभेच्या आधीच ठरवून टाकलं होतं.

मोठ्या बाईंनी, म्हणजे मुख्याध्यापिकांनी, सोमवारी सुईमावशीला बोलावून घेतलं होतं. "ताई, तुम्ही एकदा तपासा. नुसत्या संशयावर बाईची भाकरी कशी काढून घ्यायची?"

सुईमावशीने तपासलं. पळी, पातेलं, भाजी चिरायची फळी, पिण्याचं पाणी आणि खुद्द काकूंचे तळहात. काकूंनी हात असे पुढे केले, जणू कोणी त्यांवर छडी मारणार आहे. नखं कापलेली, बोटं पाण्याने सुरकुतलेली. जाता जाता तिने दुसरीतल्या सहा पोरांचे तळहातही जेवणाआधी बशांवर टेकवून घेतले होते. ते तपासासाठी नव्हतं, वर्गात दाखवायला काहीतरी हवं म्हणून. गुरुवारी सकाळी दुसरीला जंतूंचा धडा द्यायचं तिने कबूल केलं होतं. मुलांना शिकवणं म्हणजे तिच्या हातचा मळ होता, निदान तिला तसं वाटत होतं.

दुसरीच्या वर्गाबाहेर हात धुवायचं बेसिन होतं. त्यावरच्या साबणाच्या वडीकडे तिचं जाता जाता लक्ष गेलं. कोरी करकरीत, कंपनीचं नावही अजून उठून दिसत होतं. नवा साबण ठेवलाय, बरं झालं, असं म्हणून ती पुढे गेली.

वर्गात शिरायच्या आधी तिने एक उद्योग केला. दाराच्या कडीला निळ्या खडूची पूड फासली आणि मुलांना मैदानावर एक चक्कर मारून यायला पाठवलं. मुलं ढकलाढकली करत परत आली, बाकांवर बसली, आणि तिने सगळ्यांना एकमेकांच्या तोंडाकडे बघायला सांगितलं. वर्गात एकच खसखस पिकली. कोणाच्या नाकाचा शेंडा निळा, कोणाचा कान, एकीच्या वहीवर पाचही बोटं, आणि वर्गशिक्षिकेच्या कपाळावर चांगला ठसठशीत डाग.

"कडीला हात किती जणांनी लावला?" सुईमावशीने विचारलं.

दोघांचे हात वर आले.

"आणि निळे झाले किती? बघा. जंतू असेच फिरतात. फरक एवढाच, की ते निळे नसतात. दिसले असते तर तुम्ही एकमेकांना शिवलाही नसता."

मग तिने सांगितलं, की जंतू इतके बारीक असतात, की टाचणीच्या डोक्यावर तुमच्या शाळेपेक्षा मोठी शाळा भरेल. सगळेच वाईट नसतात. दुधाचं दही करतात तेही जंतूच, आणि आपल्या पोटात अन्न पचवायला मदत करणारेही. पण काही दांडगे असतात. संडासातून हातावर, हातावरून तोंडात, तोंडातून पोटात, आणि पोटात गेले की धुमाकूळ. पहिल्या बाकावर बसलेल्या अध्यक्षांच्या नातीने पोटावर हात ठेवला. तिला तो धुमाकूळ ताजा आठवत होता.

सुईमावशीने बशा काढल्या. "उघडायच्या नाहीत, फक्त बघायच्या. ही काकूंच्या तळहाताची."

बशीत चार-दोन ठिपके होते; एकेक ठिपका म्हणजे तीन दिवसांत वाढलेला जंतूंचा एकेक घोळका. "एवढे तर डॉक्टरांच्या हातावरही असतात," ती म्हणाली. "पळी, फळी, पातेलं, पाणी, सगळं चोख. आणि ही आता तुमच्यापैकी एकाची. नाव सांगणार नाही."

त्या बशीत पिवळ्या-पांढऱ्या ठिपक्यांची नुसती जत्रा भरली होती. "ईऽऽ" असा एक लांबलचक आवाज निघाला आणि सगळ्या वर्गाने हात पाठीमागे लपवले. सुईमावशी मनातून खूश झाली. धडा रंगला होता.

"मग जेवायच्या आधी काय करायचं?"

"हात धुवायचेऽऽ!"

"शाब्बास. आणि धुता ना सगळे?"

यावर मुलं एकमेकांच्या निळ्या नाकांकडे बघू लागली. शेवटी तिसऱ्या बाकावरून एक मुलगी उठली. ही सुईमावशीच्या धाकट्या बहिणीची लेक. सात वर्षांची, पण प्रत्येक गोष्टीवर असा काही मुद्दा काढायची, की घरीदारी तिला वकीलबाई म्हणत.

"आधी धुवायचो," वकीलबाई म्हणाली. "आता गरज नाही."

"गरज नाही? का गं बाई?"

"आम्ही गोळी घेतली ना! जंतूंची. सहा महिने चालते."

"अगं, ती जंतांची गोळी. जंत वेगळे, जंतू वेगळे. जंत म्हणजे पोटातले किडे, चांगले बोटभर लांब, डोळ्यांना दिसणारे. त्या गोळीने जंतू मरत नाहीत."

"पण तूच लिहिलंयस."

"मी? मी कशाला असं लिहीन?"

"बाहेर लावलंयस की! बाईंनी आम्हाला दोनदा वाचायला लावलं. त-ला दुसरा उकार."

वर्गशिक्षिकेने मान डोलावली. दीर्घ उकार शिकवायला तिला आयतंच ठळक अक्षर सापडलं होतं. सुईमावशी हसत हसत बाहेर गेली, पोरीला तोंडावर पाडायला. बेसिनच्या वर तीन आठवड्यांपूर्वी तिने स्वतः चिकटवलेला कागद होता. गोळी-वाटपाच्या दिवशी, घाईत, पण तिच्या त्याच मोत्यांसारख्या अक्षरात लिहिलेला: "जंतूंची गोळी घेतली का? घ्या, आणि सहा महिने निश्चिंत राहा!"

काना द्यायचा तिथे उकार. लॅबमध्ये दिवसातून चाळीस वेळा जंतू हा शब्द लिहिणारा हात जंतांवर आला आणि सवयीने आपल्या वाटेने गेला. गेल्या तीन आठवड्यांत या कागदावरून मोठ्या बाई गेल्या, शिक्षक गेले, पालक गेले. गोळी जंतांची आहे हे त्यांना माहीत होतं, म्हणून त्यांनी तेच वाचलं. अक्षर न् अक्षर वाचणारी सगळ्या शाळेत एकच जमात होती, नुकतीच वाचायला शिकलेली दुसरी. आणि दुसरीने लिहिलेलं इमानेइतबारे पाळलं होतं.

तिचा हात कागदाच्या कोपऱ्यावर गेला. ओढला असता तर निघाला असता, पर्समध्ये गेला असता, संपलं असतं. काकूंच्या स्वयंपाकघराचा स्वच्छ रिपोर्ट तिच्याकडे होताच. तो ठेवला असता सभेपुढे, आणि बाकी काकूंचं नशीब.

"ताई, ती वडी खराब आहे का हो?"

मागे काकू उभ्या होत्या, हातात धुतलेली पातेली. "तुम्ही बघत होतात म्हणून विचारलं. गोळीच्या दिवशी मीच ठेवली होती. एरवी चार दिवसांत वडीचा पापुद्रा होतो, ही बघा, अजून नाव वाचता येतंय. मला वाटलं, साबणाचा वास पोरांना आवडत नसेल."

सुईमावशीने वडीकडे बघितलं, मग काकूंकडे. सकाळी नवा साबण म्हणून याच वडीला तिने शाबासकी दिली होती. तिला स्वतःची मनापासून लाज वाटली, आणि लाज वाटली की तिला राग यायचा. तिने कागद काढला, पण नीट, एकही कोपरा न फाडता. आणि साबणाची वडी रुमालात बांधून घेतली.

चार वाजता शाळेचा हॉल भरला. काकू दाराजवळच्या खुर्चीच्या टोकावर बसल्या होत्या, उठायला सोपं जावं म्हणून. सुईमावशीने रिपोर्ट वाचला. तो ऐकून अध्यक्षांनी चष्मा पुसला.

"ताई, तुमचा मान राखून सांगतो. पोरं आजारी पडली मागच्या आठवड्यात, तुम्ही तपासलं सोमवारी. मधल्या दिवसांत काकूंनी घासून-पुसून लखलखीत केलं नसेल कशावरून?"

हॉलमध्ये माना हलल्या. मुद्दा खोडण्यासारखा नव्हता, आणि सुईमावशीने तो खोडलाही नाही.

"बरोबर आहे तुमचं. पण सगळी शाळा एकाच पातेल्यातलं जेवते. मग आजारी एकटी दुसरीच का पडली?"

"लहान पोटं. नाजूक असतात."

"तसं असेल. पण हे बघा." तिने रुमाल सोडला आणि वडी टेबलावर ठेवली. "तीन आठवड्यांपूर्वीची आहे. काकूंनी ठेवली, आणि दुसरीतल्या एकाही पोराने तिला हात लावला नाही. का लावला नाही, ते इथे लिहिलंय." तिने कागद उलगडून उंच धरला. "मोठ्याने वाचा कोणीतरी. अक्षर न् अक्षर वाचा."

एक बाप उठला आणि वाचू लागला, "जंतां..." मग थबकला. "जंतूंची?"

"जंतूंची. मुलांना वाटलं, जंतू मेले, आता सहा महिने हात धुवायचं कारण नाही. एकाला कुठूनतरी लागण झाली आणि बाकीच्यांनी ती हातोहात वाटून घेतली. लिहिणारी मी. चूक माझी. काकूंचा यात काडीचाही संबंध नाही."

वाचणारा बाप कागदाकडे बघत खाली बसला. मग मागून एक आई म्हणाली, फार हळू नाही, "मग यांच्या रक्ताच्या रिपोर्टवर तरी कसा विश्वास ठेवायचा?"

एकोणीस वर्षांत हा प्रश्न तिला कोणी विचारला नव्हता. तो वर्मी लागला. तिने पाण्याचा एक घोट घेतला.

"लॅबमधली माझी प्रत्येक चिठ्ठी दुसरं माणूस वाचतं, मगच ती बाहेर जाते. तो तिथला नियम आहे, म्हणून एकोणीस वर्षं चूक बाहेर पडली नाही. मला वाटत होतं, ती माझ्या अक्षराची करामत. हा कागद मी कोणाला दाखवला नाही. मला कोण तपासणार, असं वाटलं. यापुढे इथे लागणारा माझा प्रत्येक कागद आधी दुसरीचा वर्ग वाचेल, मग लागेल."

अध्यक्ष बराच वेळ वडी हातात फिरवत बसले. मग त्यांनी ती खाली ठेवली आणि दाराकडे बघून म्हणाले, "काकू, उद्या काय करताय जेवायला?"

"जे सांगाल ते," काकू म्हणाल्या, आणि पहिल्यांदाच खुर्चीत मागे सरकून बसल्या.

सभा उठली. सुईमावशी खोका आवरत असताना काकू जवळ आल्या. डोळे पुसून झाले होते, पण आवाज अजून ओला होता.

"ताई, एक सांगू? रागवू नका. तो कागद मी पहिल्याच दिवशी वाचला होता. माझं शिक्षण चौथीपर्यंत, मीही अजून अक्षर लावूनच वाचते. मनात आलं, गोळी तर जंतांची, मग हे जंतूंची कसं? तुम्हाला सांगणारही होते."

"मग का नाही सांगितलंत हो?"

"तुम्ही लिहिलं होतंत ना. म्हटलं, आपलंच चुकत असेल."

सुईमावशीच्या हातातली बशी हातातच राहिली. सभेत इतक्या जणांसमोर चूक कबूल करणं तिला यापेक्षा सोपं गेलं होतं. तिने खोका बाजूला ठेवला, कोरा कागद घेतला आणि तिथेच टेबलावर लिहायला बसली. या वेळी सावकाश. लिहून झाल्यावर तिने कागद काकूंपुढे सरकवला आणि लाल पेन्सिल त्यांच्या हातात दिली.

"वाचा. चुकलं असेल तिथे फुली मारा. माझी भीड धरू नका."

काकूंनी बोट ठेवून वाचायला सुरुवात केली. "गोळी... जंतांची. जंतूंसाठी... साबण. जेवायच्या आधी... हात धुवा." वकीलबाई मध्येच टेबलाखालून उगवली आणि काकूंच्या कोपराखालून डोकं घालून तीही अक्षरं तपासू लागली. दोघींचं अगदी शेवटपर्यंत वाचून झालं. फुली कुठे पडली नाही. सुईमावशीला परीक्षेत पास झाल्यावर झाला नव्हता एवढा आनंद झाला.

कागद बेसिनवर लागला, रुमालातली वडी परत तिच्या जागी गेली. पुढच्या मंगळवारी काकूंनी शाळेच्या कार्यालयात निरोप धाडला, की दुसरीला नवीन साबण द्या, जुन्यावर आता एकही अक्षर उरलेलं नाही.